हँडलर पाहिजे

कॉस्प्ले करणाऱ्यांच्या, म्हणजे कॉमिक्स-कार्टूनमधल्या पात्रांचा वेश करून मिरवणाऱ्यांच्या प्रेमाविषयी बाहेर एक गोड समजूत आहे. तो बॅटमॅन, ती कॅटवूमन, नजरानजर झाली आणि जमलं. अहो, नजरानजर होणंच तर अवघड! त्याला मुखवट्यातून बाजूचं दिसत नाही आणि तिच्या डोळ्यांना पाणी येतं ते रंगीत लेन्स चुरचुरतात म्हणून.

हे ज्ञान मला भाचीमुळे झालं. मुंबई कॉमिक कॉन, म्हणजे या मंडळींचा मेळा, जवळ आलं की ही मुलगी ईव्हीए फोम कापत बसते. जिममध्ये जमिनीवर अंथरतात ना, तोच. 10 मिलिमीटरचा चिलखताला, 2 मिलिमीटरचा नक्षीला. हीट गनने तापवायचा, वाकवायचा, मग चिकटवायचा. त्या गोंदाच्या वासात जो मुलगा तासभर टिकेल, त्याच्याशीच पुढची बोलणी. पत्रिका वगैरे नंतर.

पण या जगात खरा मान हँडलरचा. चिलखतवालीच्या मागून पिशवी घेऊन फिरणारा तो हँडलर. पिशवीत सुपर ग्लू, सेफ्टी पिना, पाण्याची बाटली आणि स्ट्रॉ, कारण मुखवट्यातून बाटली तोंडापर्यंत पोचत नाही. पंख दारात अडकले की सोडवायचे, फोटोवाल्यांना रांगेत उभं करायचं, आणि ती बाथरूमला गेली की बाहेर तिची ढाल-तलवार धरून, येणाऱ्याजाणाऱ्यांच्या नजरा झेलत थांबायचं. सप्तपदीत असलं कलम नाही. घालायला हवं.

जोडीने पात्रं निवडणं ही आणखी एक परीक्षा. बऱ्याच प्रेमिकांना जोकर आणि हार्ली क्विनच व्हायचं असतं. हार्ली 1992 साली बॅटमॅनच्या कार्टून मालिकेत आली आणि जोकरने तिला छळलं, फसवलं, वापरून घेतलं. असला संसार आदर्श मानणाऱ्यांना काय सांगावं! भाचीच्या एका मित्राने मोठ्या हौसेने तिला विचारलं, आपण तांजिरो-नेझुको होऊया का? हिने ताबडतोब होकार दिला. जपानी कार्टूनमधली ती दोघं भाऊ-बहीण आहेत. मला अर्थ कळला, त्याला अजून कळलेला नाही.

एका बाबतीत मात्र ही मंडळी आपल्या पुढे आहेत. फोटोसाठी खांद्यावर हात टाकायचा तर आधी विचारायचं. कॉस्प्ले म्हणजे संमती नव्हे, असे फलकच न्यूयॉर्क कॉमिक कॉनने 2014 साली लावले होते. आपल्याकडे लग्नाचा फोटोग्राफर नुसता ओरडतो, ‘अजून जवळ या, अजून!’

तेव्हा उपवर मुलींच्या आईबापांनो, स्थळ आलं की पगार विचारा, फ्लॅट विचारा, माझी हरकत नाही. पण एक दिवस मुलाच्या हातात ती पिशवी द्या आणि कॉनला पाठवा. संध्याकाळी न चिडता परत आला, तर बैठक ठरवा.