खातं नसलेला पर्यावरणमंत्री

स्वीडनच्या इसाबेला लोविन मूळच्या पत्रकार. समुद्रातली मासळी कशी ओरबाडली जाते यावर त्यांनी २००७ मध्ये पुस्तक लिहिलं, दोन वर्षांनी त्या युरोपीय संसदेत गेल्या आणि २०१४ मध्ये मंत्री झाल्या. देशाचा हवामान कायदा त्यांच्याच कारकिर्दीत आला. असा मंत्री आपल्याकडे कधी होणार, असं तळा तालुक्यात कुणी विचारलं तर त्याला सरळ महाडची वाट दाखवावी. नाते गावात १९२५ साली जन्मलेले मोहन धारिया आपल्याच जिल्ह्याचे. शेजारचं जंजिरा संस्थान भारतात यावं म्हणून झालेल्या लढ्यात हा तरुण होता.

पर्यावरण खातं त्यांच्याकडे कधीच नव्हतं. १९७५ मध्ये जयप्रकाश नारायणांशी बोला, असं त्यांनी इंदिरा गांधींना उघडपणे सांगितलं आणि मंत्रिपद घालवलं. आणीबाणीत तुरुंग पाहिला. १९७७ च्या जनता सरकारात व्यापारमंत्री झाले. पुढे ‘वनराई’ ही संस्था काढली आणि २०१३ मध्ये जाईपर्यंत झाडं आणि पाणी यांचाच ध्यास घेतला. सत्तेबाहेर पडलेले पुढारी एरवी काय करतात, ते आपण रोज बघतोच.

त्या संस्थेचं नाव आज प्रत्येक ग्रामसेवकाच्या तोंडी आहे, ते ‘वनराई बंधाऱ्या’मुळे. सिमेंटच्या रिकाम्या गोण्या माती-वाळूने भरायच्या, तोंडं सुतळीने शिवायची, विटांसारखे सांधे मोडत ओहोळात आडव्या रचायच्या आणि फटी चिखलाने लिंपायच्या. मागे पाणी तुंबतं, आजूबाजूच्या विहिरींना पाझर मिळतो. पुढच्या पावसात बांध वाहून जातो, म्हणून तो दरवर्षी घालावा लागतो. खरी मेख इथेच आहे. दरवर्षी राबायचं काम पुढाऱ्यांना नको असतं, त्यांना कोनशिला हवी असते.

आपल्याकडे पाऊस तीन हजार मिलिमीटरच्या घरात पडतो आणि तरी मार्च-एप्रिलमध्ये वाड्यांवरच्या बायका हंडे घेऊन उतार उतरतात. हा निसर्गाचा कोप नव्हे, आपला नाकर्तेपणा आहे. कुड्याच्या लेण्यांपाशी जाऊन पाहा. तिथे राहणाऱ्या भिक्खूंनी दोन हजार वर्षांपूर्वी पाण्यासाठी कातळात टाकी खोदली. तळगडावरही तीच सोय आहे. पाणी साठवल्याशिवाय इथे राहता येत नाही, हे त्यांना कळलं होतं.

बंधाऱ्यांचं उद्दिष्ट आजही गावोगाव येतं. साहेब येतात, चार गोण्या रचतात, फोटो निघतो. तालुक्यातल्या सरपंचांना, सदस्यांना आणि शिक्षकांना हात जोडून विनंती आहे. ओहोळ वाहता असतानाच, दिवाळीच्या आसपास बांध घाला. फोटो मात्र मार्चमध्ये काढा, मागे पाणी उभं असेल तर.