न चालणारा सिनेमा काढण्याची रीत
(फक्त नवशिक्यांसाठी)

चालणारा सिनेमा कसा काढावा हे सांगणारे लोक दादर ते अंधेरी या पट्ट्यात पैशाला पासरी मिळतात. न चालणारा सिनेमा मात्र नेमाने, तीस वर्षे, आणि वर पुरस्कार घेत कसा काढावा, याचे मार्गदर्शन कुठल्याही क्लासात मिळत नाही. ही गैरसोय दूर व्हावी म्हणून आम्ही मणी कौल यांचा कित्ता पुढे ठेवला आहे. होतकरूंनी तो जमेल तितका गिरवावा.

जन्म शक्यतो जोधपूरला घ्यावा. कौल यांनी तो 1944 च्या नाताळात घेतला. घराणे काश्मिरी असल्यास उत्तम, आणि एक काका सिनेमाच्या धंद्यात असणे फारच सोयीचे. त्यांचे काका महेश कौल, म्हणजे राज कपूर आणि हेमा मालिनीचा ‘सपनों का सौदागर’ दिग्दर्शित करणारे. काकांच्या वाटेला पुढे अजिबात जायचे नसले, तरी असा काका घरच्यांना दाखवायला असावा.

मग पुण्याला यावे. लॉ कॉलेज रस्त्यावर प्रभातच्या जुन्या आवारात 1960 साली सरकारने फिल्म इन्स्टिट्यूट काढली, तिथे नाव घालावे. गुरू म्हणून ऋत्विक घटक मिळत असतील तर दुसरा शोधू नये. कौल, कुमार शहानी, जॉन अब्राहम हे सगळे त्यांच्याच तालमीतले. गुरूकडून काय उचलावे आणि काय तिथेच ठेवून यावे, हे मात्र ज्याचे त्याने ठरवायचे. घटकांच्या पडद्यावर माणसे ऊर फुटेस्तोवर रडतात. शिष्याच्या पडद्यावर कुणी डोळ्याला पदरसुद्धा लावत नाही.

1966 ला बाहेर पडल्यावर पैशाचा प्रश्न येतो. तो सरकारला विचारावा. त्या काळी फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन नावाची एक भाबडी संस्था होती. ती कर्ज देई आणि सिनेमा पडला तरी पुढच्याला देई. आजच्या होतकरूंनी हा परिच्छेद वाचून सुस्कारा टाकावा आणि पुढे जावे.

आता कथा. ती एका वाक्यात मावली पाहिजे. ‘उसकी रोटी’ (1969) मोहन राकेश यांच्या कथेवर आहे: पंजाबातली बालो आपल्या बसड्रायव्हर नवऱ्यासाठी भाकरी घेऊन रस्त्यावर थांबते, एक दिवस तिला उशीर होतो, तो रागावून बस पुढे काढतो, ती थांबून राहते. झाली गोष्ट. तिला पावणेदोन तासांच्या आसपास वेळ द्यावा. बालोच्या वाट्याला रोज जेवढी वाट बघणे येते, त्यातले थोडेसे प्रेक्षकाच्याही अंगावर घालावे, एवढाच हिशेब आहे आणि तो चोख आहे. थिएटरात ज्याला कंटाळा येतो त्याला वाटते सिनेमा बिघडला. खरे तर तेव्हाच सिनेमा लागू पडू लागलेला असतो.

हत्यारे फार लागत नाहीत. कौल आणि छायाचित्रकार के. के. महाजन यांनी मुख्यतः दोन लेन्सवर काम भागवले: 28 मिलिमीटरची रुंद आणि 135 ची लांब. रुंद लेन्समध्ये जवळचे-लांबचे सगळे लख्ख दिसते. लांब लेन्समध्ये एकच गोष्ट स्पष्ट राहते आणि मागचे सारे पुसट होते. सुरुवातीला प्रत्यक्ष घडते ते रुंद लेन्सने घ्यावे, बालोच्या मनातले लांब लेन्सने. प्रेक्षकाला ही खूण पटली आणि तो जरा सैलावून बसला, की हळूच अदलाबदल करावी. आता समोर आलेला नवरा खरा आला की तिच्या डोक्यात आला, हे कळायला मार्ग उरत नाही. वाट बघणाऱ्या माणसालाही तो उरत नसतो. महाजनांना या कामाबद्दल राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चित्रपट मात्र रीतसर थिएटरात लागलाच नाही. पहिलाच प्रयत्न इतका सफल होणे विरळा.

नटांबाबत कडक राहावे. वाक्य बोलताना चेहऱ्यावर काहीही येता कामा नये. हे फ्रान्सच्या रोबेर ब्रेसाँकडून घ्यावे. तरीही नट अभिनय करू लागले तर ‘आषाढ का एक दिन’ (1971) ची युक्ती वापरावी: संवाद आधीच ध्वनिमुद्रित करून ठेवायचे आणि शूटिंगच्या वेळी गाण्याच्या प्लेबॅकसारखे वाजवायचे. नटाच्या हातात मग उभे राहणे, वळणे, बसणे एवढेच उरते. यातला कालिदास म्हणजे आपले अरुण खोपकर आणि मल्लिका रेखा सबनीस. खोपकरांचे सिनेमावरचे लेखन वाचलेल्यांनी त्यांना एकदा मोहन राकेशांच्या कालिदासाच्या वेषातही बघून घ्यावे.

शिव्या वेळेवर मिळतील याची तजवीज करावी. वर्तमानपत्रे देतातच, पण सत्यजित राय यांच्यासारख्याने लेख लिहून ‘दुविधा’त (1973) दोष काढले, तर समजावे आपण मार्गी लागलो. त्याच ‘दुविधा’साठी कौल यांना दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. विजयदान देथांची गोष्ट आहे: नवरा व्यापाराला परगावी जातो आणि नववधूवर भाळलेले भूत त्याचे रूप घेऊन घरी येते. 2005 साली अमोल पालेकरांनी हीच गोष्ट शाहरुख खान आणि राणी मुखर्जीला घेऊन ‘पहेली’ म्हणून केली. रंग, गाणी, उंट, सगळे यथास्थित. दोन्ही लागोपाठ बघावेत. आमचे मत विचाराल तर भूत ‘दुविधा’तच जास्त भूत वाटते, कारण तिथे ते कुणाला आवडून घ्यायला आलेले नाही. शाहरुखबद्दल कौल यांनाही वावडे नव्हते. दूरदर्शनसाठी त्यांनी दोस्तोयेव्हस्कीची ‘इडियट’ केली, तेव्हा त्यात तो होताच.

मराठी मुलखाशी संबंध ठेवावा, फायद्याचा असतो. के. हरिहरन, सईद मिर्झा, कमल स्वरूप यांच्याबरोबर ‘युक्त’ सहकारी संस्थेतर्फे तेंडुलकरांचा ‘घाशीराम कोतवाल’ (1976) काढावा आणि ओम पुरीला पहिले काम द्यावे. सहकारातून साखर कारखान्याऐवजी असला सिनेमा निघू शकतो, हे महाराष्ट्राला तेव्हा पटले नाही, अजूनही पटलेले नाही. मग मुक्तिबोध घ्यावेत. घरात मराठी आणि कविता हिंदीत, भाऊ शरच्चंद्र मराठीतले कवी. त्यांच्या लेखनावर ‘सतह से उठता आदमी’ (1980) करावा आणि कान महोत्सवाला धाडावा.

हे सगळे करताना गाणे शिकत राहावे. पनवेलजवळ पळस्पे येथे उस्ताद झिया मोहिउद्दीन डागरांचे गुरुकुल होते. कौल त्यांच्याकडे धृपद शिकले आणि 1982 मध्ये ‘धृपद’ हा माहितीपट केला. आलाप जसा एकेका सुरावर बसकण मारतो तसा त्यांचा शॉट का बसतो, हे तो बघून ध्यानात येते. समीक्षकांची जाड पुस्तके नंतर वाचली तरी चालतील.

उतारवयात पुढची इयत्ता: कॅमेरामनला व्ह्यूफाइंडरमधून बघायची बंदी करावी. चौकट आधी आखली की माणूस तिच्यात मावेल तेवढेच बघतो, असा त्यामागचा विचार. नवशिक्यांनी हा प्रयोग स्वतःच्या खर्चाने करू नये.

राहता राहिले प्रेक्षकांना दाखवणे. पहिल्या वीस मिनिटांत उठून जाणाऱ्यांना अडवू नये, मागे राहिलेल्यांना पाय पसरायला जागा होते. ‘पुढे काय झालं?’ असे विचारणाऱ्या मावशींना ‘काही नाही’ असे खरे उत्तर द्यावे. आणि मध्यंतर ठेवू नये. सामोशाच्या रांगेत गेलेला माणूस परत येईलच असा भरवसा मणी कौल यांनाही देता आला नसता.