चार तासांत सोलापूर

(चिंचोळी एमआयडीसी. टॉवेलच्या कारखान्याबाहेर कडुनिंबाखाली गाडी उभी आहे. एप्रिलचं ऊन. कारखानदार नुकताच व्हिएतनामला माल दाखवून परतला आहे. चालक बॉनेटला टेकून तंबाखू मळतो आहे.)

कारखानदार : गाडी धुतली का रे?

चालक : आतनं-बाहेरनं धुतली की मालक. कोण येलालंय? मंत्री?

कारखानदार : व्हिएतनामचा खरेदीदार. दा नांगला त्याची हॉटेलं आहेत. टॉवेल आपले घ्यायचे का दुसऱ्याचे, ते ठरवायला येतोय.

चालक : मग कारखाना दाखवा, दोन चादरी हातात द्या आन् बसवा गाडीत.

कारखानदार : कारखाना बघून, जेवून तो तीनला मोकळा होईल. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाची वंदे भारत. मधे चारपासून आठपर्यंत वेळ आहे. तेवढ्यात त्याला सोलापूर दाखवायचं. गाइड तू.

चालक : मी? मालक, मी दहावीला तीनदा बसलेला माणूस.

कारखानदार : मी हुएला गेलो तेव्हा त्यानं माझ्यासाठी खासगी गाइड लावला होता. गाडी एक, गाइड एक, ऐकणारा मी एकटा. त्याची परतफेड नको करायला?

चालक : हुए म्हंजी कुटं आलं?

कारखानदार : व्हिएतनामची जुनी राजधानी. 1802 ते 1945, न्गुएन घराण्याचे तेरा बादशहा तिथं होऊन गेले. नदीकाठी किल्ला, किल्ल्यात राजवाडा. युनेस्कोनं 1993 मध्ये यादीत घेतलंय.

चालक : ते राहू द्या. गाइडनं किती घेतलं?

कारखानदार : दहा लाख.

चालक : (तंबाखू खाली सांडते) दहा लाख! चार तासाचं! आन् हितं मी डबल ड्युटीचं दोनशे मागितलं तर तुमी अकाउंटंटकडं पाठवलं!

कारखानदार : दहा लाख डाँग रे. तिकडचं चलन. आपले जेमतेम साडेतीन हजार.

चालक : असं नीट सांगा की. माणूस जाईल एकादा. मग तेवढ्यात काय काय दाखवलं तेनं?

कारखानदार : किल्ल्याचा दरवाजा, सिंहासनाचा महाल, नदीवरचं सात मजल्यांचं देऊळ आणि एक समाधी. बस.

चालक : बादशा तेरा आन् समाधी एक? फसवलं तुमाला.

कारखानदार : मलाही आधी तेच वाटलं. म्हटलं, पैसे दिलेत तर सगळ्या दाखव. तो म्हणाला, सगळ्या बघितल्या तर रात्री एकही आठवणार नाही. मग बाराव्या बादशहाच्या, खाई दिन्हच्या समाधीवर नेलं. 1920 ला काम सुरू झालं, संपायला 1931 उजाडलं. बादशहा आधीच गेला. आत भिंतभर चिनीमातीचे आणि काचेचे तुकडे जडवलेले. आणि हे कुणाच्या पैशानं? लोकांवर कर वाढवून! तेवढं सांगून गप्प बसला. पुढचा अर्धा तास मीच बघत होतो.

चालक : शाना गाइड हाय. आन् दरवाज्याचं काय?

कारखानदार : दरवाज्याला पाच वाटा. मधली फक्त बादशहाची. शेजारच्या दोन दरबाऱ्यांच्या. कडेच्या दोन शिपाई, हत्ती, घोड्यांच्या.

चालक : आपल्या एमआयडीसीतच हाय की ते. मालकाचं गेट, स्टाफचं गेट आन् मागं ट्रकचं. तुमी कुठल्या वाटेनं गेला?

कारखानदार : तिकिटाच्या रांगेतून.

चालक : म्हंजी हत्ती-घोड्याच्या.

कारखानदार : तोंड सांभाळ. तर आत गेलो, बघतो तर बरीचशी जागा मोकळी. अमेरिकेबरोबरच्या युद्धात, 1968 ला, जवळजवळ महिनाभर त्या किल्ल्यात गोळागोळी चालली. कितीतरी वाडे भुईसपाट झाले. तो गवतात उभं करून सांगायचा, इथं अमुक होतं, तिथं तमुक होतं. आणि मला दिसायचं!

चालक : रिकाम्या जागेचं पैसं घेतलं! मालक, मग आपल्याकडं लै माल हाय. गिरण्या दाखवू. जुनी गिरणी 1877 ला चालू झालेली. माझा आजा तितं साच्यावर होता. भोंगा वाजला की अर्धं गाव उठायचं. आता भोंगा न्हाई, गिरणी न्हाई. मोकळ्या जागेत उभं करतो तेला आन् सांगतो, हितं भोंगा होता.

कारखानदार : हे मात्र चांगलं आहे. टॉवेल घेणाऱ्या माणसाला टॉवेल इथंच का होतात ते कळलं पाहिजे. गिरण्या आल्या, तेलंगणातून पद्मशाली विणकर आले, पूर्व भागात घराघरांत माग बसले. गिरण्या गेल्या तरी हात इथंच राहिले.

चालक : मालक, एक विचारू? महाराजांचा पुतळा बघितला का तितं?

कारखानदार : कुठला?

चालक : व्हॉट्सअ‍ॅपवर येतो की हो! गनिमी काव्यानं अमेरिकेला हरवलं, मग तेंच्या पुढाऱ्यानं समाधीवर लिवून ठेवलं, मी शिवरायांचा मावळा.

कारखानदार : (इकडंतिकडं बघून) विचारलं होतं गाइडला.

चालक : मग?

कारखानदार : त्यानं वहीत नाव लिहून घेतलं आणि विचारलं, हे कोणत्या शतकातले? मग मीच त्याला अर्धा तास महाराज सांगितले. अफझलखान, आग्रा, सगळं. समाधीवर तसलं काही नाही रे. त्यांचे पुढारी हो ची मिन्ह हनोईत ठेवलेत, काचेच्या पेटीत. त्यांच्या पोरपणाची काही वर्षं मात्र हुएत गेली, शाळाही तिथलीच.

चालक : म्हंजी तुमी पैसं देऊन तेलाच टूर घडवली.

कारखानदार : गप. आता आपलं ठरवू. मी यादी केलीय. चारला निघायचं. तुळजापूर, नळदुर्ग, अक्कलकोट, येताना पंढरपूर. वेळ उरला तर विजापूरचा गोल घुमट.

चालक : वेळ उरला तर?

कारखानदार : आपले पाहुणे करतात की! सकाळी निघून तीन देव करून रात्री घरी.

चालक : ते देव करतात मालक, बगत न्हाईत. तुळजापूर पंचेचाळीस किलोमीटर, पंढरपूर दुसऱ्या दिशेला सत्तर-बहात्तर. चार तासांत तेला नुसता हायवे दिसंल. हितं येणाऱ्या सगळ्यांचं हेच. सोलापुरात लॉजवर अंघोळ करायची, दर्शन गावाबाहेर घ्यायचं. सोलापूर काय धर्मशाळा हाय का?

कारखानदार : बरं, मग शहरातलं घेऊ. सिद्धेश्वर, अडुसष्ट लिंगं...

चालक : अडुसष्टच्या अडुसष्ट?

कारखानदार : सिद्धरामेश्वरांनी बाराव्या शतकात स्थापली. एक सोडलं तर कसं वाटेल?

चालक : तुमच्या गाइडनं बारा समाध्या सोडल्या, तेला कसं वाटलं?

कारखानदार : बारा नाहीत. समाध्या सातच आहेत. सगळ्यांच्या नाही बांधल्या.

चालक : मग सहा सोडल्या. सोडल्या का न्हाई?

कारखानदार : (विचार करून) सोडल्या. आणि गंमत म्हणजे आपल्या खरेदीदाराला लिंगाचं नवलही नाही. दा नांगपासून दीड-दोन तासांवर 'मी सन' नावाचं ठिकाण आहे, चंपा राजांची शिवाची देवळं. चौथ्या शतकापासूनची. आपल्या पुरातत्त्व खात्याची माणसं तिथं डागडुजी करतात. 2020 मध्ये त्यांना नवव्या शतकातलं अखंड शिवलिंग सापडलं.

चालक : घ्या! माणूस म्हादेवाच्या गावचा हाय आन् तुमी तेला पाव्हणा समजलालाव. एकच दाखवू, तळ्यातलं. पाण्याच्या कडेला बसवू. हे तळं भक्तांनी खणलं, तेवढंच सांगायचं.

कारखानदार : आणि किल्ला?

चालक : तळ्याला लागूनच की. बहमनी काळातला भुईकोट. दुहेरी तट, बाहेर खंदक. आत जुन्या देवळाचं खांब उघडे पडलेत.

कारखानदार : 1818 च्या मेमध्ये इंग्रजांच्या मन्रोनं घेतला, हेही सांग.

चालक : मालक, साल एकच सांगायचं. चार सालं सांगितली की पाव्हणा मोबाइल काढतो.

कारखानदार : मग कुठलं एक?

चालक : 1930. चार हुतात्मा चौकात.

कारखानदार : फाशी, मार्शल लॉ... पाहुण्याला असलं जड कशाला? त्यापेक्षा मॉल दाखवू.

चालक : मॉल तेच्या गावात न्हाई का? बगा, मी तेला कसं सांगतो. गांधीजींना पकडलं. सोलापूर पेटलं. आठ मेला गोळीबार झाला. मग पोलीसच गावातनं गेले, आन् दोन-तीन दिवस गाव गावकऱ्यांनीच चालवलं. बारा मेला मार्शल लॉ लागला. मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा, अब्दुल रसूल कुर्बान हुसेन. बारा जानेवारी 1931, येरवड्याला फाशी. एक लिंगायत, एक मराठा, एक मारवाडी, एक मुसलमान. अख्खं सोलापूर चार पुतळ्यांत हाय. मॉलमधी काय हाय?

कारखानदार : (जरा थांबून) त्यांच्याकडंही तेच साल आहे. फेब्रुवारी 1930 मध्ये येन बायला फ्रेंचांच्या फौजेतले व्हिएतनामी शिपाई उठले. जूनमध्ये तेरा जणांची मुंडकी उडवली. गाइड सांगत होता.

चालक : मग जड कुटं झालं? चौकात तुमी काय बोलू नका. तेलाच बोलू द्या.

कारखानदार : तिथून भैय्या चौक. डॉक्टर कोटणीसांचं घर. सोलापूरचा पोरगा 1938 मध्ये चीनला गेला, जखमी सैनिकांवर उपचार करत 1942 मध्ये तिथंच गेला. वय बत्तीस. शांतारामबापूंनी सिनेमा काढला... नको, नको! हे राहू दे.

चालक : का?

कारखानदार : चीन आणि व्हिएतनाम 1979 मध्ये लढलेत. उगाच ऑर्डर हातची जायची.

चालक : डॉक्टरानं रोग्याला पासपोर्ट मागितला होता का? आन् तुमाला हुएत असं काय दाखवलंच न्हाई, तेंच्या भांडणाचं?

कारखानदार : दाखवलं. सात मजली देवळात एक निळी ऑस्टिन मोटार ठेवलीय. 1963 मध्ये एक बौद्ध भिक्खू त्या गाडीतून सायगावच्या एका चौकात गेले आणि भर रस्त्यात स्वतःला जाळून घेतलं. कुणी परक्यानं नव्हे, त्यांच्याच सरकारनं बौद्धांना छळलं म्हणून. गाइडनं काही झाकलं नाही.

चालक : मग आपण कोटणीस झाकायचं?

कारखानदार : नको. जाऊ. दहा मिनिटं. बरं, इंग्रजीचं काय? बोलून दाखव.

चालक : (घसा साफ करून) वेलकम सर. धिस इज लेक. धिस इज फोर्ट. टू वॉल. नो किंग. किंग गॉन. मिल ऑल्सो गॉन. टॉवेल नॉट गॉन.

कारखानदार : (हसू आवरत) शेवटचं वाक्य पुन्हा म्हण.

चालक : टॉवेल नॉट गॉन.

कारखानदार : हे तू कारखान्याच्या गेटवरच म्हण. ऑर्डर तिथंच मिळेल. आता जेवण. मी तिकडं आठवडाभर भात आणि पाला खाल्ला. तिथला प्रसिद्ध पदार्थ गोमांसाच्या शेवयांचा, मी पडलो शाकाहारी. पण तिखट खातात हं हुएचे लोक. आपल्यासारखंच.

चालक : मग सोपं हाय. कडक भाकरी, शेंगाचटणी, दही, धपाटं. गाडीत पाण्याच्या बाटल्या जास्त ठेवतो. भाकरी मोडली की आवाज येतो हे आधी सांगा, न्हाईतर दात मोडला म्हणून घाबरंल.

कारखानदार : रस्त्यात केगावला विद्यापीठ दाखवू, बाळ्याचा खंडोबा...

चालक : मालक.

कारखानदार : बरं, बरं. तू म्हणशील तेवढंच.

चालक : तळं, किल्ला, चौक, डॉक्टरांचं घर, भाकरी. गिरणी जाता-जाता, गाडीतनंच. आन् तुमी पुढं बसू नका. तुमी पुढं बसला की सारखं मागं वळून काय ना काय सांगता. मागं बसा, तेच्या शेजारी. तेनं विचारलं तरच बोला.

कारखानदार : मी मालक आहे की तू?

चालक : गाडीतनं उतरेपर्यंत मी.

कारखानदार : आणि ऊन? चारला एकेचाळीस अंश असेल. दा नांगचा माणूस समुद्राकाठचा, घामाची सवय आहे, पण हे कोरडं ऊन.

चालक : म्हणून म्हणतो, एप्रिलात कशाला आणलालाव तेला? जानेवारीत बोलवायचं. सिद्धेश्वराची गड्डा यात्रा असते. सात नंदीध्वज निघतात, उंच काठ्या खांद्यावर घेऊन मानकरी चालतात. संमती कट्ट्यावर अक्षता पडतात, पांढरी बाराबंदी घातलेलं अख्खं गाव. मराठी, कन्नड, तेलुगू, उर्दू, सगळे तितं. गाइडच लागत न्हाई.

कारखानदार : जानेवारीत त्यांचा टेट असतो ना. नवीन वर्ष. तेव्हा तो घर सोडून येणार नाही.

चालक : कदी असतो?

कारखानदार : चांद्र वर्ष त्यांचं. जानेवारीच्या शेवटी, नाहीतर फेब्रुवारीत.

चालक : मग काय अडचण हाय? संक्रांत चौदाला. गड्डा बगून, टॉवेलची दुसरी ऑर्डर देऊन, टेटला घरी पोचतोय की माणूस.