सलीम वाचून येणे

आमच्या सोसायटीत पुस्तक भिशी आहे. दर महिन्याला माणशी दोनशे रुपये काढायचे, ज्याची चिठ्ठी निघेल त्याने त्या पैशांची पुस्तकं घ्यायची, आणि शिवाय ठरलेलं एक पुस्तक सगळ्यांनी वाचून येऊन त्यावर बोलायचं. ते पुस्तक ठरवण्याचं काम माझ्याकडे आहे. कारण माझं वाचन नव्हे, माझं काचेचं कपाट. काचेतून दिसणारी पुस्तकं मी वाचलेली आहेत असा समज आपोआप पसरला, आणि तो दूर करायची मला कधीच घाई नव्हती.

त्या महिन्यात मी पक्षितज्ज्ञ सलीम अलींचं ‘द फॉल ऑफ अ स्पॅरो’ हे आत्मचरित्र योजलं होतं. मुंबईत जन्मलेला माणूस, खेतवाडीत वाढलेला, किहीमच्या सुगरणींवर अभ्यास केलेला; म्हणजे घरचाच. पण ग्रुपवर सरळ नाव-गाव टाकलं तर त्यात माझी अशी काय छाप राहिली? म्हणून मी टाकलं, “या महिन्यात सलीम. त्याने स्वतः सांगितलेली त्याची गोष्ट. ज्यांना कळायचं त्यांना कळेलच. पूर्ण वाचून येणे.” खाली चार अंगठे आले. कुणीही एक शब्द विचारला नाही. न विचारण्यात त्यांची विद्वत्ता आणि न सांगण्यात माझी.

आता हा सलीम पाहुण्यांचा कसा निघाला पाहा. फत्तेपूर सिक्रीच्या शेख सलीम चिश्तींच्या आशीर्वादाने झाला म्हणून अकबराने पोराचं नाव सलीम ठेवलं, तेव्हापासून हे नाव आपल्याकडे इतकं रुळलं की शाळेच्या प्रत्येक तुकडीत एखादा सलीम असतोच. पुस्तकांतही तेच आणि पंचाईत अशी की त्यातले बरेच सलीम ‘मी’ म्हणूनच बोलतात. हे ज्ञान मला आधी असतं तर हा लेख झाला नसता.

बैठक आमच्याच घरी होती. माझी तयारी म्हणाल तर प्रस्तावना, मलपृष्ठ आणि चिमणीचा प्रसंग. पोरवयात छऱ्याच्या बंदुकीने चिमणी पाडली, तिच्या गळ्यावर पिवळा ठिपका दिसला, ही नेहमीची चिमणी नव्हे, मग खावी की नाही असा पेच पडला. मामालाही सांगता येईना, तेव्हा मामाने चिठ्ठी देऊन बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या मिलर्डसाहेबांकडे पाठवलं, आणि तिथून पुढे सगळं आयुष्य. त्या पानात मी खूण घातली आणि ती खूण फार लांब सरकली नाही.

भांड्यांचं दुकान चालवून आता निवृत्त झालेल्या अण्णांनी सुरुवात केली. “मला एक गोष्ट फार पटली. माणूस घर सोडून परमुलखात गेला, धंदा टाकला, धंदा बुडाला. पण रडगाणं नाही.”

मी जोरात मान हलवली. ब्रह्मदेशातला खाणीचा आणि लाकडाचा धंदा मलपृष्ठावर होता.

“पण काका, धंदा शिकायला तर मामानेच नेलं ना?” पहिल्या मजल्यावरची, इंग्रजीत एम. ए. करणारी मुलगी म्हणाली. “मला तो मामाच डोक्यात गेला.”

इथे मी पक्क्या जमिनीवर होतो. म्हटलं, “मामा थोर माणूस. आईबाप लहानपणी गेले, तर पोरक्या पोराला त्याने पदरात घेतलं. अमीरमामा नसता तर सलीम घडलाच नसता.”

“अमीरमामा थोर?” ती माझ्याकडे बघतच राहिली. “काका, तुम्ही शेवटपर्यंत वाचलंत ना?”

असा प्रश्न भरल्या घरात विचारू नये. मी म्हणालो, “शेवट मी जरा वेगळ्या दृष्टीने वाचला.” तिने ते वहीत लिहून घेतलं.

मग इतिहासाच्या निवृत्त शिक्षिका बाई. त्या पुस्तक आणत नाहीत, टिपणं आणतात. चष्मा वर सरकवून म्हणाल्या, “मामाचं राहू द्या. शिकारीचा हिशेब बघा. स्वतःच्या हाताने मारलेली जनावरं आणि पक्षी, सतरा हजार एकशे सदुसष्ट!”

माझ्या वाट्याला आतापर्यंत एक चिमणी आली होती. म्हणजे उरलेले १७,१६६ मी न वाचलेल्या पानांत होते. मी समजूतदारपणे सांगितलं, “संशोधनासाठी नमुने गोळा करावेच लागतात, बाई.”

“आणि रोजचे दोनदा गाळलेल्या दारूचे वीस प्याले? तेही संशोधनासाठीच?”

“पुढे सोडली असेल,” मी अंदाजाने म्हणालो.

“सहावर आणली,” बाई म्हणाल्या, आणि माझा अंदाज खरा ठरल्याच्या आनंदात मी पुढचा धोका ओळखला नाही.

अण्णा हळहळले. “म्हणजे शेवटी हस्तिदंताच्या भानगडीत आत गेला, त्यात नवल नाही.”

हस्तिदंत, तुरुंग, दारू आणि १७,१६७ जीव. एवढं सगळं केलेल्या या माणसाला सरकारने १९७६ साली पद्मविभूषण दिलं, हे मलपृष्ठावर मी स्वतः वाचलं होतं. उत्तरार्ध इतका रंगतदार असेल अशी प्रस्तावनेत जरासुद्धा कल्पना नव्हती. आत्ताच्या आत्ता सगळ्यांना घरी घालवून पुस्तक पुरं करावं अशी इच्छा मला त्या क्षणी झाली. अशी इच्छा मला क्वचितच होते.

तेवढ्यात कोपऱ्यात बसलेले नाना उठून उभे राहिले. नानांची ऐंशी उलटली आहे. शाळेत असताना संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चांत ते चालले होते आणि फ्लोरा फाउंटनचा विषय निघाला की त्यांचा आवाज अजून चढतो. हातात वर्तमानपत्राचं कव्हर घातलेलं जाडजूड पुस्तक होतं.

“तुम्ही कुणीच मुद्द्याचं बोलत नाही,” ते म्हणाले. “हा प्राणी म्हणतो, मुंबई राज्याची फाळणी याच्यामुळे झाली! पोरगा सायकलवरून घसरत येऊन मराठी मोर्चात घुसतो, लोक म्हणतात गुजराती बोलून दाखव, हा टवाळीची एक ओळ म्हणतो, तीच ओरडत मोर्चा पुढे जातो, समोर गुजराती मोर्चा, आणि पेटली दंगल! आम्ही काय मग गंमत म्हणून लाठ्या खाल्ल्या?”

बाई हळू आवाजात म्हणाल्या, “नाना, जहांगीर सायकलवर?”

पुढची दोन मिनिटं कुणी काही बोललं नाही. मग पुस्तकं बाहेर आली. नानांच्या कव्हराखाली रश्दींचं ‘मिडनाइट्स चिल्ड्रन’ होतं, नायक सलीम सिनाई. अण्णांनी वाचनालयातून आणलेलं, रेक्झीनची बांधणी केलेलं पुस्तक म्हणजे नायपॉल यांचं ‘अ बेंड इन द रिव्हर’. त्यातला सलीम आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावरच्या हिंदी मुसलमान घरातला. मुलीच्या मोबाइलवर अब्दुलरझाक गुर्ना यांचं ‘ग्रॅव्हल हार्ट’, आणि तो सलीम झांझिबारचा. बाईंनी ‘तुझुक-ए-जहांगिरी’चे रॉजर्स-बेव्हरिज यांचे इंग्रजी खंड दोन्ही वाचले होते. “शहजादा सलीम तो हाच ना? आणि स्वतः सांगितलेली गोष्ट म्हटलंत,” त्या म्हणाल्या. त्यांच्या टिपणांत अनारकली कुठेच नव्हती, कारण तुझुकमध्येच ती नाही. ते ऐकून माझी बायको जी खट्टू झाली ती पोहे होईपर्यंत सावरली नाही.

खरं तर इथे बैठक संपायला हवी होती. पण आता प्रत्येकाला आपला सलीम राखायचा होता, आणि बैठकीला इतकी धार पूर्वी कधी आली नव्हती. अण्णा एनॅमलच्या घमेल्यांवर बोलू लागले. त्यांचा सलीम नदीकाठच्या गावात घमेली, दाढीची पाती, पेन्सिली आणि वह्या विकतो. अरण्यातून झाबेथ नावाची बाई येऊन घाऊक माल नेते. “अशा ठिकाणी काय खपेल हे दुकानदारालाच कळतं,” अण्णा म्हणाले. “आणि राष्ट्राध्यक्षाच्या हुकमाने दुकान एका दिवसात दुसऱ्याच्या नावावर होतं, हा मालक होता तो मॅनेजर होतो. मी तिथे पुस्तक मिटून चहा घेतला.” मला स्वतःला नायपॉल कोरडे वाटत आलेत, पण ते अण्णांकडून ऐकावेत.

मुलगी डब्यावर आली. तिचा सलीम सात वर्षांचा असताना बाप घर सोडतो आणि एका दुकानामागच्या खोलीत जाऊन राहतो. आई रोज त्याला जेवण पाठवते आणि ते पोचवायला हा पोरगा जातो. बाप का गेला, आई तरी जेवण का पाठवते, कुणी सांगत नाही. अमीरमामा त्याला लंडनला नेऊन धंद्याचं शिक्षण घ्यायला बसवतो. ते याला जमत नाही. त्या मामाच्या सुटकेसाठी आईने काय मोजलं होतं ते फार उशिरा उलगडतं. तिने हे सांगितलं तेव्हा माझे “मामा थोर माणूस” हे शब्द खोलीत अजून उभेच होते. गुर्नांना २०२१चं नोबेल मिळालं तेव्हा मी ग्रुपवर त्यांच्या अभिनंदनाचा मोठा मजकूर टाकला होता, हेही नेमकं तिलाच आठवलं.

बापावरून वाद पेटला. बाईंचा सलीम बापाविरुद्ध बंड करतो, बापाच्या लाडक्या अबुल फजलला मारवतो आणि तसं बिनदिक्कत लिहून ठेवतो. नानांच्या सलीमचा तर बापच ठरत नाही, कारण मेरी परेराने प्रसूतिगृहात बाळांच्या नावांच्या चिठ्ठ्यांची अदलाबदल केलेली. खरा बाप इंग्रज निघतो हे सांगताना नानांच्या चेहऱ्यावर जे समाधान होतं ते त्या सायकलीचा सूड उगवल्याचं होतं.

त्यात एक दुवा मात्र खराखुरा होता, आणि तो मी नव्हे, बाईंनी काढला. जहांगिराने पाळलेल्या सारस जोडीचं नाव लैला-मजनू. त्यांचं मीलन, अंडी, उबवण्याच्या पाळ्या त्याने नोंदवून ठेवल्या. आणि मोगल बादशहांच्या या निसर्गनिरीक्षणावर १९२७-२८च्या सुमारास लेखमाला लिहिली ती सलीम अलींनी. एका सलीमने दुसऱ्याला बारकाईने वाचलं होतं. “तुमच्या पुस्तकात असेल की ते,” बाई माझ्याकडे वळून म्हणाल्या. मी पोह्यांत लिंबू पिळलं.

इतका वेळ स्वयंपाकघरातून ऐकणाऱ्या बायकोने दारात येऊन विचारलं, “एवढे सलीम झाले. यातला बायकोचं ऐकणारा एक तरी आहे का?”

“माझा,” बाई म्हणाल्या. “नूरजहाँच्या हाती कारभार होता.”

“माझा रोज ऐकतो,” नाना म्हणाले. “लोणच्याच्या कारखान्यात पद्मा बसलेली असते, मुद्द्यावर ये म्हणून दटावत. अजून लग्न व्हायचंय, तरी ऐकतो.”

अण्णा गप्प राहिले, त्यांच्या सलीमच्या बायकांच्या भानगडी निराळ्या. मग सगळे माझ्याकडे बघू लागले. सलीम अलींच्या पत्नीचं नाव तेहमिना, घरचं सुख सोडून ती त्यांच्यासोबत तंबूतंबूंतून हिंडली, हे आज मी घडाघडा सांगेन. त्या दिवशी म्हणालो, “त्यावर स्वतंत्र बैठक घ्यावी लागेल.”

चिठ्ठी नानांची निघाली. जमलेले पैसे मोजून त्यांनी मुलीला गुर्ना मागवायला सांगितला, बाईंचे दोन खंड महाग म्हणून सोडले, आफ्रिकेतलं दुकान पुढे हातचं जातं हे कळल्यामुळे तेही सोडलं. मुलीने विचारलं, “आणि सलीम अली?”

“तो विकत कशाला?” नाना माझ्या झोळीत हात घालत म्हणाले. “यांची प्रत कोरी करकरीत आहे.”