अठरा वर्षं आणि एक दिवस

बेंगळुरूत जयनगरला सकाळी सहाला ट्यूशनला निघालेली पीयूसीची पोरं बघा. पीयूसी म्हणजे आपली अकरावी-बारावी. अ‍ॅक्टिवा एक, पोरं तीन, हेल्मेट घरी. कायदा या वयाला विसरलाय असं नाही. सोळाव्या वर्षी परवाना मिळतो, पण ५० सीसीपर्यंतच्याच दुचाकीचा. अ‍ॅक्टिवाचं इंजिन त्याच्या दुपटीहून मोठं. लुनाच्या काळात नियम शोभला असता. आता तेवढ्या सीसीची पेट्रोलगाडी मागायला गेलात, तर शोरूमवाला भंगारवाल्याचा पत्ता देईल.

पुढची पायरी थेट अठराची. शिकाऊ परवाना काढा, तीस दिवस लाल ‘एल’ मिरवा, आरटीओत चाचणी द्या. झालं! त्याच रात्री दोन वाजता चार दोस्त कोंबून विमानतळ रस्त्यावर सुटायला कायद्याची ना नाही.

न्यूझीलंडनं १९८७ पासून परवाना टप्प्याटप्प्यानं द्यायला घेतला. मधल्या टप्प्यावर रात्री दहा ते पहाटे पाच एकट्यानं गाडी काढायची नाही आणि जाणता चालक शेजारी नसेल तर मित्रही बसवायचे नाहीत. ऑस्ट्रेलियात न्यू साउथ वेल्समध्ये पंचविशीच्या आतल्यांना १२० तासांचा सराव लागतो, त्यातले २० रात्रीचे. आमच्याकडे दुचाकीवर आठचा आकडा काढता आला की बास.

बेंगळुरूला तर रात्रीचीच बंदी हवी. दिवसा सिल्क बोर्ड चौकातली कोंडीच भल्याभल्यांना वेगमर्यादा पाळायला लावते, तिला आरटीओची गरज नाही. रस्ता मोकळा होतो मध्यरात्रीनंतर. पुण्यात कल्याणीनगरला १९ मे २०२४ रोजी पोर्शखाली दोन जीव गेले तेही पहाटेच. चालवणारा सतरा वर्षांचा. त्याला जामिनासोबत ३०० शब्दांचा निबंध मिळाला.

२०१९ पासून अल्पवयीन मुलानं गाडी चालवून गुन्हा केला, तर पालकाला २५ हजार दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद आहे, मुलाला पंचविशीपर्यंत परवाना नाही. तरी किल्ली खुंटीवरच असते, कारण ‘आमचा बंड्या फार जपून चालवतो’.

वाहतूकमंत्री गडकरीसाहेब, एवढंच करा: परवान्याच्या पहिल्या वर्षात रात्री दहानंतर एकट्यानं गाडी नाही, दोस्तांची वरात नाही. कायद्यात हे लिहायला ३०० शब्दही लागणार नाहीत.