हरणाला मोतीबिंदू

आमच्या डोंबिवलीच्या घरात उपासाच्या दाण्याच्या लाडवाचं कुणी कौतुक केल्याचं मला आठवत नाही. तो दर चतुर्थीला होतो, डब्यात पडून असतो आणि दुसरं काही मिळालं नाही की खाल्ला जातो. त्यामुळे मे महिन्याच्या अखेरीस अमेरिकेतल्या कोलंबसहून आलेल्या अकरा वर्षांच्या भाचीनं डबा उघडून, ‘मामा, हे बकआय’ म्हणत एक गोळा माझ्या तळहातावर ठेवला, तेव्हा पहिल्याच घासाला मी ओरडलो, “अगं, हा तर आपला दाण्याचा लाडू! चॉकलेटात बुडवलाय एवढंच.”

हे ‘एवढंच’ मला दोन दिवस पुरलं.

बकआय हा ओहायो राज्याचा मानाचा वृक्ष. त्याची बी तपकिरी, तुकतुकीत आणि एका बाजूला फिकट ठिपका असलेली. हरणाच्या डोळ्यासारखी दिसते म्हणून ते नाव. बी कच्ची खाल्ली तर विषारी, म्हणून तिथल्या लोकांनी तिच्या रूपाची मिठाई केली असावी, असा माझा अंदाज. पीनट बटर, पिठीसाखर आणि लोणी यांचे गोळे वळायचे, थंड करायचे, काडीला टोचून पातळ चॉकलेटात बुडवायचे. मात्र माथ्यावर रुपयाएवढं टक्कल राखायचं. झाला हरणाचा डोळा. भाचीनं आणलेले डोळे विमानतळ ते डोंबिवली या टॅक्सीच्या प्रवासात थोडे पाणावले होते, पण चवीला फक्कड होते. संध्याकाळपर्यंत डबा रिकामा झाला.

“रडू नकोस,” मी भाचीला म्हणालो. (ती रडत नव्हती.) “मामा करून देतो. त्यात काय आहे!”

बायकोनं वर्तमानपत्र खाली घेतलं. “अहो, तुम्हाला चहा गाळता येत नाही. चोथा कपात असतो.”

मी तिला इतिहास सांगितला. हर्शी गावात रीज नावाचा एक गृहस्थ दुसऱ्याच्या डेअरी फार्मवर नोकरीला होता. पदरात सोळा मुलं. पगार पुरेना म्हणून घराच्या तळघरात मिठाई करू लागला आणि १९२८ साली चॉकलेटच्या वाटीत पीनट बटर भरून मोकळा झाला. आज त्या वाट्या अमेरिकाभर खातात. सोळा मुलांच्या बापाला तळघरात जमलं, मला एका मुलात आणि ओट्यावर का जमू नये?

“त्याला सोळा हात मदतीला होते,” बायको म्हणाली आणि वर्तमानपत्र वर घेतलं.

शनिवारी सकाळी अर्धा किलो दाणे भाजले. भाजणं बरं झालं. काळे पडलेले मी आधीच खाऊन टाकले. मग सालं काढायची. आईला मी लहानपणापासून बघत आलोय: दाणे ताटात घेते, तळहातानं चोळते, सूप दोनदा झटकते, सालं पलीकडे, दाणे अलीकडे. मी झटकलं तर दाणे पलीकडे. मग मला शास्त्रीय युक्ती सुचली. सालं हलकी, दाणे जड. वारा असला की काम झालं. मी पंखा पाचवर लावला.

दाण्याचं साल किती हलकं असतं याची कल्पना मला नव्हती. ती तांबूस पाकळी वर गेली, पंख्यानं तिला दिशा दिली आणि अर्ध्या किलोची सालं दिवाणखाना, देव्हारा आणि आईचा चष्मा अशी पसरली. त्या चष्म्यामागे गेल्या वर्षी मोतीबिंदू काढलेला उजवा डोळा आहे. त्या नव्या डोळ्यानं तिनं माझ्याकडे पाहिलं. म्हणाली काही नाही. आईचं न बोलणं मला पुरतं.

मग मिक्सर. दाण्याचा कूट करायला आमच्या घरी मिक्सर तीनदा ‘घुर्र’ करतो आणि बंद होतो, कारण चौथ्या वेळी कुटाला तेल सुटतं आणि आई चिडते. पीनट बटरची सगळी गंमत त्या चौथ्या घुर्रपासून सुरू होते. दाण्यात जवळजवळ निम्मं तेल असतं. आधी कूट होतो, मग कडेला चिकटलेला हट्टी गोळा होतो, त्याला चमच्यानं खाली ढकलत राहायचं आणि धीर धरायचा. मग एका क्षणी तो गोळा सैल पडतो, चकाकतो आणि चमच्यावरून ओघळू लागतो. तो क्षण फार सुंदर असतो, असं भाचीनं सांगितलं. मला दिसला नाही, कारण गोळा हट्टी असतानाच मिक्सरमधून जळका वास आला आणि तो थांबला. मेला.

मी इलेक्ट्रिशियनला फोन केला. तो म्हणाला, संध्याकाळी येतो. मी शेजारच्यांकडे मिक्सर मागून आलो, त्यांना कारण सांगितलं, त्यांनी माझ्या पीनट बटरबद्दल दोन शंका विचारल्या, मी आत्मविश्वासानं उत्तरं दिली. परत आलो तर आमचा मिक्सर चालू. बायकोनं तो उलटा करून खालचं लाल बटण दाबलं होतं.

“तापला की आपणहून बंद होतो,” ती म्हणाली. “बावीस वर्षं आहे हा आपल्याकडे.”

लाडू वळण्याबद्दल मी फार लिहिणार नाही. पिठीसाखर आणि लोणी घालून मळलेलं ते मिश्रण डोंबिवलीच्या उकाड्यात हाताला चिकटत होतं. माझे बारा लाडू बारा वजनांचे झाले. आई माळ जपता जपता येऊन उभी राहिली, माळ गळ्यात घातली, हात धुतले आणि वीस मिनिटांत चाळीस गोळे वळले. एकाशेजारी एक ठेवले तर कॅरमच्या सोंगट्यांसारखे सारखे. त्यातच माझे बाराही तिनं मोडून पुन्हा वळले, तेही न विचारता.

आता चॉकलेट. इथे माझा गर्व आडवा आला. बेकरीचं सामान विकणाऱ्या दुकानातल्या मुलानं सरळ सांगितलं होतं, “काका, कंपाउंड घ्या. टेंपरिंगची भानगड नाही.” कंपाउंडमध्ये कोकोच्या लोण्याऐवजी दुसरं वनस्पती तेल असतं, वितळवा, बुडवा, गोठवा, संपलं. पण तो ‘काका’ म्हणाला ना! मी ताठ झालो. म्हटलं, अस्सल दे. चारशे ग्रॅम अस्सल डार्क घेऊन आलो.

निम्मं चॉकलेट मी पातेल्यात पाणी उकळून त्यावर भांडं ठेवून वितळवायला घेतलं. छान वितळत होतं. आरशासारखं दिसत होतं. वाफ कुठे जातेय हे बघायला मी झाकण ठेवून पाहिलं. झाकणाच्या आतून पाण्याचे चार थेंब पडले. चारच. अर्ध्या मिनिटात तो आरसा रस्त्याच्या डांबरासारखा खडबडीत झाला आणि चमचा त्यात उभा राहिला.

चॉकलेट म्हणजे चरबीत तरंगणारे साखरेचे आणि कोकोचे बारीक कण. थेंबभर पाणी पडलं की साखरेचे कण ओलसर होऊन एकमेकांना चिकटतात. भाचीनं टॅब्लेटवर वाचून दाखवलं की यावर उपाय एकच: आणखी पाणी घाला. म्हणजे चार थेंबांनी बिघडतं आणि वाटीभरानं सुधारतं. मी पाणी घातलं. खरंच त्याचा गुळगुळीत सॉस झाला. सॉस उत्तम होता. लाडू बुडवून गोठणारा मात्र नव्हता. तो पोरीनं पोळीला लावून खाल्ला.

उरलं दोनशे ग्रॅम. आता मी अभ्यास केला. कोकोचं लोणी गोठताना सहा तऱ्हांचे स्फटिक बनवू शकतं. एखाद्या घरातल्या सहा भावांसारखे. त्यातला पाचवा तेवढा गुणी. तो जमला तर चॉकलेट चमकतं, मोडताना ‘टक्’ वाजतं आणि ३४ अंशांच्या आसपास, म्हणजे तोंडात गेल्यावर, वितळतं. त्याच्या आधीचे भाऊ लवकर येतात, मऊ पडतात, टिकत नाहीत. पाचव्याला बोलवायचं तर डार्क चॉकलेट ४५ ते ५० अंशांपर्यंत तापवायचं, २७-२८ पर्यंत उतरवायचं आणि पुन्हा ३१-३२ वर आणून तिथेच ठेवायचं.

आमच्या स्वयंपाकघरात त्या दिवशी भिंतीचं तापमान ३५ होतं. म्हणजे गुणी भाऊ आमच्या घरात जन्मतःच वितळला असता. २८ अंश या घरात एकाच ठिकाणी मिळतात: बेडरूममध्ये, एसी लावला तर. आमच्याकडे एसी रात्री दहानंतर, २६ वर, आणि वीजबिल आलेल्या आठवड्यात नाही, असा नियम आहे. मी दुपारी चारला २० वर लावला. पलंगावर वर्तमानपत्रं पसरली. चाळीस गोळ्यांचं ताट, टूथपिक, चॉकलेटचं भांडं, भाची, शाल पांघरलेली आई आणि दारात उभी असलेली बायको, असा जामानिमा जमला.

तापमान मोजायला घरात एकच साधन: ताप बघायचा डिजिटल थर्मामीटर. तो ३२ च्या खाली गेलं की ‘लो’ दाखवतो आणि ४२ च्या वर गेलं की ‘हाय’. म्हणजे मला हव्या असलेल्या तीन आकड्यांपैकी वरचा ‘हाय’, खालचा ‘लो’ आणि तिसरा अगदी उंबरठ्यावर. मी तो पुसून चॉकलेटात बुडवला. हाय. उत्तम. हलवत बसलो. बऱ्याच वेळानं लो. खालच्या ओठाला थेंब लावून बघायचा, गार लागला तर जमलं, असं जुने कारागीर करतात म्हणे. मी लावला. गार लागला. भाचीनं फोटो काढला, त्यात मला तपकिरी दाढी आहे.

आता फक्त तीन-चार अंश वर चढवायचं. त्यासाठी मी बायकोचा हेअर ड्रायर घेतला. ही माझी मूर्खपणाची कल्पना नाही, जाणकारही वापरतात. फक्त ते दोन-दोन सेकंद वापरतात. मी चॉकलेटला केस असल्यासारखा फिरवत राहिलो. थर्मामीटर लो, लो, लो करत एकदम पीप-पीप वाजू लागला. ३८.४.

“ताप आलाय त्याला,” आई म्हणाली. “पॅरासिटामॉल दे.”

तिथे थांबायला हवं होतं. ३८ म्हणजे पाचवा भाऊ घर सोडून गेला होता. सगळा खेळ पहिल्यापासून मांडायला हवा होता. पण साडेसहा वाजले होते, आईला थंडी वाजत होती आणि चादरीवर तपकिरी नकाशा तयार झाला होता, ज्यात मला श्रीलंका स्पष्ट दिसत होती. मी म्हटलं, चालतंय. गोळे टोचले, बुडवले, टक्कल राखलं, फ्रिजमध्ये ठेवले. रात्री ते काळेभोर, ओलसर, टपोरे दिसत होते. चाळीस हरणं फ्रिजमधून माझ्याकडे बघत होती. मी बहिणीला फोटो पाठवला.

रविवारी सकाळी दूध काढायला आईनं फ्रिज उघडला आणि मला हाक मारली. “अरे, ह्यांना सगळ्यांना मोतीबिंदू झालाय.”

प्रत्येक डोळ्यावर करडा-पांढरा पडदा आला होता. स्फटिक नीट बसले नाहीत की चरबी वर येऊन साय धरते. त्यात दाण्याचं तेल आतून झिरपून मदत करतं. खायला अपाय नाही. पण रात्री ज्या बहिणीला हरणाचा फोटो गेला होता तिनं सकाळी व्हिडिओ कॉल केला आणि भाचीनं कॅमेरा थेट ताटावर धरला. त्या कॉलबद्दलही मी फार लिहिणार नाही.

त्यात त्या दिवशी संकष्टी. आई निरखून म्हणाली, “दाणे आहेत, साखर आहे, लोणी आहे. उपासाला चालेल का रे?”

इथे मला संधी दिसली. मी म्हटलं, “आई, साबुदाण्याच्या खिचडीत काय असतं? साबुदाणा ज्या कंदाचा करतात तो अमेरिकेतला. बटाटा तिथलाच. मिरची तिथलीच. दाणे तिथलेच. चौघे तिकडून आले आणि आपल्या उपासात जाऊन बसले. कोकोही तिथलाच. त्या चौघांचा गाववाला. त्यानं एकट्यानं काय घोडं मारलं?”

आईला हे पटत आलं होतं. तिचा हात पुढे झाला होता. पण अमेरिकेत वाढलेल्या मुलांना पाकिटामागचं वाचायची खोड असते.

“मामा, यात इमल्सिफायर ३२२ आहे. सोया.”

“सोया म्हणजे सोयाबीन?” आईनं हात मागे घेतला. “कडधान्य.”

“आणि ‘गव्हाचे अंश असू शकतात’,” भाची उत्साहानं वाचत होती. “आणि ‘शेंगदाण्याचे अंश असू शकतात’.”

“अंश?” बायको म्हणाली. “अर्धा किलो आहेत.”

निकाल लागला. आईनं ताटातले चार निवडून वाटीत काढले, झाकले आणि भिंतीवरच्या कॅलेंडरात चंद्रोदय पाहिला. नऊ एक्कावन्न. दिवसभर ती वाटी ओट्यावर होती आणि दिवसभर ओट्यावर ३५ अंश होते.

रात्री चंद्र ढगाआड होता, पण वेळ झाली म्हणून आईनं आरती केली, नैवेद्य दाखवला, जेवली आणि वाटी पुढ्यात ओढली. चॉकलेट तोवर मऊ होऊन सैल पडलं होतं. तिनं एक लाडू उचलला, मोतीबिंदू काढलेल्या डोळ्याजवळ नेऊन पाहिला आणि मग उकडलेल्या बटाट्याची साल काढावी तसं नखानं सगळं चॉकलेट सोलून काढलं. आतला गोळा तोंडात टाकला.

“लाडू छान झालाय रे,” ती म्हणाली. “मी वळलेला ना?”

चार लाडू तिनं असेच सोलून खाल्ले. भाचीनं ते बघितलं आणि तीही सोलू लागली; तिच्या मते अशी आयडिया कोलंबसमध्ये कुणालाच सुचलेली नाही. बायकोनं दोन खाल्ले, तेही सोलून. माझ्यापुढे एक ताटली सरकवण्यात आली. तिच्यात दोनशे ग्रॅम अस्सल डार्कमधली बरीचशी टरफलं होती, आणि एका टरफलाला नखाचा ठसा.

मी चमचा आणायला उठलो.