गमीकाका

टेक्ससमधल्या मराठी घोळक्यात एखादे तरी गमीकाका सापडतातच. जन्मभर सुपारीच्या खांडालाही शिवलेले नसतात. गणपतीच्या वर्गणीची पावतीसुद्धा फायलीला लावून ठेवतात. अशा माणसाला बिघडवायला वाईट संगत पुरत नाही, कायद्याचं कलमच लागतं.

ते त्यांना २०१८च्या फार्म बिलात सापडलं. वाळलेल्या वजनात डेल्टा-९ टीएचसी हे नशेचं द्रव्य ०.३ टक्क्यांच्या वर नसेल, तर गांजाचंच भावंड असलेलं हेम्प हा शेतमाल, असं त्यात लिहिलं होतं. "डेल्टा-९!" काका तर्जनी उंचावतात. "डेल्टा-८चं नाव कुठंय यात?" मग कागदी रुमालावर षटकोन निघतात आणि त्यातला दुहेरी बंध एक घर सरकतो. हेम्पमधल्या सीबीडी या घटकावर आम्लाची प्रक्रिया करून हा माल प्रयोगशाळेत बनवतात, हेही तोंडपाठ. गांजा बाळगला तर बेड्या पडतात त्याच राज्यात, पेट्रोल पंपावर च्युइंगमच्या शेजारची डेल्टा-८च्या वड्यांची डबी काका उजळ माथ्याने उचलतात. वरचा क्यूआर कोड स्कॅन करून लॅबचा अहवाल वाचतात. दुकानातल्या पोराला प्रश्न मात्र एकच: "यात जिलेटिन नाही ना?" नशा चालेल, मांसाहार नको. पेक्टिनवाली मिळेपर्यंत अर्धं गाव पालथं घालतात.

सेवनाचा मुहूर्त शनिवार संध्याकाळचा. काकूंच्या बीपीच्या गोळ्या अर्ध्या करायच्या कटरने आंब्याच्या स्वादाच्या वडीचे चार तुकडे होतात. नखाला लागलेली साखर चाटायची नाही, डोस बिघडतो! पोटातून गेलेला माल यकृतात फिरून मग डोक्यात पोचतो, तेव्हा दोन तास धीर धरावा, हे व्याख्यान पाहुण्यांना दिलेलं असतं. पाऊण तासात काका स्वतःच कुरकुरतात, "काहीच नाही. फसवलं लेकाच्यांनी." आणि दुसरा तुकडा तोंडात जातो. पुढे कधीतरी काकू स्वयंपाकघरात येतात, तर काका फ्रिज उघडा धरून आतल्या दिव्याकडे नितांत आदराने बघत असतात.

"चढली का हो?"

"छे! निरीक्षण चाललंय."

कोथिंबिरीची जुडी कोमट होईपर्यंत निरीक्षण चालतं. एक्सेलमध्ये नोंद पडते: 'परिणाम नगण्य.'

खरी उतरते ती नवा क्लायंट लघवीची तपासणी मागतो तेव्हा. नेहमीच्या तपासणीला डेल्टा आठ की नऊ कळत नाही, टीएचसीचे अवशेष दिसले की ती पॉझिटिव्ह. काका फार्म बिलाचं पान छापतात, पिवळ्या पेनाने रंगवतात आणि एचआरकडे न्यायला निघतात.

"अहो, कलम तुम्ही वाचलंत," काकू म्हणतात, "त्या बाटलीने कुठं वाचलंय?"

काका बराच वेळ गप्प. मग लॅपटॉप उघडत हळूच, "एचएचसी नावाचा दुसरा माल त्या तपासणीत दिसतो का, ते बघायला हवं."